फोर्ट डेव्हिस : कृष्णवर्णीय घोडदळाचा इतिहास जिथे जमिनीवर वाचता येतो

टेक्सासच्या पश्चिम भागात, डेव्हिस पर्वतरांगेतील हॉस्पिटल कॅन्यन नावाच्या घळीच्या तोंडाशी वसलेले फोर्ट डेव्हिस हे जुने लष्करी ठाणे आज अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यान सेवेकडून राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ म्हणून सांभाळले जाते. उत्तर आणि दक्षिण राज्यांमधील यादवी युद्धानंतर (१८६१–६५) अमेरिकेच्या सीमाप्रदेशात पाठवलेल्या कृष्णवर्णीय घोडेस्वारांविषयी ज्यांना मनापासून जाणून घ्यायचे आहे, त्यांनी हे स्थळ अवश्य पाहावे, असे माझे स्पष्ट मत आहे. या सैनिकांचे पुतळे आणि स्मारके इतरत्रही आहेत. परंतु ते जिथे झोपले, जिथे कवायत करत, जिथे त्यांच्यावर हुकूम सोडले जात आणि जिथे त्यांच्यातील एका अधिकाऱ्यावर खटला चालला, ती संपूर्ण जागा एका नजरेत सामावते असे ठिकाण क्वचितच सापडते. येथे चोवीस ऐतिहासिक इमारती उभ्या आहेत आणि शंभराहून अधिक पडक्या वास्तूंचे अवशेष व पाये आहेत. त्यांपैकी मोजक्याच इमारतींचा आतील भाग त्या काळाप्रमाणे सजवलेला आहे. हे प्रमाण मला योग्य वाटते, कारण सगळेच नव्याने उभारले असते तर काळाचे अंतर जाणवले नसते.

स्थळाकडे वळण्यापूर्वी थोडी पार्श्वभूमी सांगणे आवश्यक आहे. २८ जुलै १८६६ रोजी अमेरिकी काँग्रेसने केलेल्या कायद्याने शांतताकाळातील नियमित सैन्यात प्रथमच कृष्णवर्णीय सैनिकांच्या पलटणी उभारल्या गेल्या. त्यांत नववी आणि दहावी या घोडदळाच्या दोन पलटणी होत्या. पायदळाच्या चार पलटणी पुढे १८६९ मध्ये एकत्र करून चोविसावी आणि पंचविसावी अशा दोन करण्यात आल्या. भरती होणाऱ्यांमध्ये काही वर्षांपूर्वीपर्यंत गुलाम असलेले अनेक जण होते. दरमहा तेरा डॉलर पगार, पाच वर्षांचा करार, अन्न, वस्त्र आणि निवारा या गोष्टी त्यांना दक्षिणेकडील शेतमजुरीपेक्षा निश्चितच अधिक सन्मानाच्या वाटल्या असतील. त्यांचे अधिकारी मात्र जवळजवळ सर्वच गोरे होते, आणि अनेक गोऱ्या अधिकाऱ्यांना अशा पलटणीत नेमणूक होणे कमीपणाचे वाटे. यादवी युद्धात नावाजलेला घोडदळ अधिकारी जॉर्ज कस्टर याने नवव्या घोडदळातील लेफ्टनंट कर्नलचे पद नाकारले, ही गोष्ट प्रसिद्ध आहे. दहावी पलटण कॅन्सासमधील फोर्ट लेव्हनवर्थ येथे उभी राहत असताना तेथील ठाणेप्रमुखाने तिचा तळ दलदलीच्या जागेत ठेवला, आणि संचलनाच्या वेळी या सैनिकांनी गोऱ्या तुकड्यांपासून अंतर राखून उभे राहावे असे फर्मावले. पलटणीचे प्रमुख कर्नल बेंजामिन ग्रीअरसन यांना आपल्या माणसांच्या बाजूने सतत भांडावे लागले.

नवव्या घोडदळाची सुरुवात त्याहून कठीण होती. न्यू ऑर्लिन्सहून टेक्सासमध्ये आलेल्या या पलटणीतील काही सैनिकांना एप्रिल १८६७ मध्ये सॅन अँटोनिओजवळच्या तळावर लेफ्टनंट एडवर्ड हेल याने हुकूम पाळण्यास उशीर केला म्हणून मनगटांना दोर बांधून झाडाला टांगले. सार्जंट हॅरिसन ब्रॅडफर्ड यांनी या वागणुकीविरुद्ध तक्रार मांडण्याचा प्रयत्न केला, त्यातून झटापट झाली आणि ब्रॅडफर्ड मारले गेले. हेल याची सैन्यातील कारकीर्द पुढेही चालू राहिली. या घटनेनंतर अवघ्या काही आठवड्यांनी, जून १८६७ मध्ये, त्याच नवव्या घोडदळाच्या चार तुकड्या लेफ्टनंट कर्नल वेस्ली मेरिट यांच्या हाताखाली फोर्ट डेव्हिसला पोहोचल्या. हे ठाणे १८५४ मध्ये सॅन अँटोनिओ ते एल पासो या रस्त्याच्या संरक्षणासाठी स्थापन झाले होते आणि त्याला तत्कालीन युद्धमंत्री जेफरसन डेव्हिस यांचे नाव दिले गेले होते. पुढे हेच डेव्हिस गुलामगिरी टिकवण्यासाठी लढणाऱ्या दक्षिणी राज्यांच्या संघाचे अध्यक्ष झाले. युद्ध हरल्यानंतरही ठाण्याचे नाव बदलले नाही, आणि गुलामगिरीतून सुटलेल्या माणसांनी त्याच नावाच्या ठाण्यावर भिंती उभारल्या, पहारे दिले आणि आपले मृत सहकारी पुरले. प्रवेशद्वाराजवळचा फलक वाचताना ही गोष्ट मनात ठेवली तर पुढचे सारे वेगळ्या प्रकाशात दिसू लागते.

युद्धापूर्वीचे पहिले ठाणे घळीच्या आत होते. १८६७ नंतरचे दुसरे ठाणे घळीबाहेरच्या मोकळ्या जागेत उभारले गेले. आज दिसते ते मुख्यतः हे दुसरे ठाणे. मध्यभागी कवायतीचे लांबरुंद मैदान आहे. त्याच्या एका बाजूला, कड्यांच्या पायथ्याशी, अधिकाऱ्यांच्या घरांची लांब रांग आहे, तर समोरच्या बाजूला सैनिकांच्या बराकी आहेत. एका बाजूला एकेका कुटुंबासाठी व्हरांडा असलेली स्वतंत्र घरे आणि दुसऱ्या बाजूला अनेकांनी एकत्र झोपायची लांब दालने, असा हा आराखडा त्या काळच्या बहुतेक ठाण्यांवर होता, आणि गोऱ्या सैनिकांनाही त्यांच्या अधिकाऱ्यांपासून असेच वेगळे ठेवले जात असे. परंतु येथे १८६७ पासून १८८५ पर्यंत मुख्यतः कृष्णवर्णीय पलटणीच राहिल्या. वर उल्लेखिलेल्या चारही पलटणींचे सैनिक कधी ना कधी येथे होते. त्यामुळे हुद्द्याची रेषा आणि वर्णाची रेषा या मैदानावर जवळजवळ एकमेकींवर येऊन पडल्या. एका बाजूच्या व्हरांड्यातून दुसऱ्या बाजूच्या बराकीकडे चालत जाताना ही गोष्ट जितकी स्पष्ट कळते, तितकी कोणत्याही पुस्तकाच्या नकाशावरून कळत नाही.

स्वागतकक्ष आणि संग्रहालय एका जुन्या बराकीतच आहे. तेथील माहिती नीट मांडलेली आहे, परंतु माझ्या मते खरा अनुभव शेजारच्या सजवलेल्या बराकीत मिळतो. ती १८८४ मधील दहाव्या घोडदळाच्या एच तुकडीच्या निवासाप्रमाणे मांडलेली आहे. ओळीने ठेवलेल्या लोखंडी खाटा, घड्या घातलेली कांबळी आणि प्रत्येकाचे मोजके सामान पाहताना, सैनिकाच्या मालकीचे असे किती थोडे होते याची जाणीव होते. या दालनात शक्य तितका वेळ थांबावे. याच ठाण्यावरच्या सैनिकांनी रस्ते बांधले, तारेचे खांब रोवले, टपालाच्या गाड्यांबरोबर पहारा दिला आणि पाण्यासाठी प्रसिद्ध नसलेल्या या मुलखात पाणवठ्यांवर आठवडेच्या आठवडे तळ ठोकले. कृष्णवर्णीय पलटणींतून पळून जाणाऱ्या सैनिकांचे प्रमाण गोऱ्या पलटणींच्या तुलनेत बरेच कमी होते, ही बाब लष्कराच्या स्वतःच्या नोंदींतून दिसते. ज्यांना सर्वांत जुने घोडे आणि सर्वांत दूरची ठाणी मिळत असल्याची तक्रार त्यांचेच अधिकारी करत, त्यांनीच सर्वांत चिकाटीने सेवा बजावली, ही गोष्ट अभिमानाने सांगण्याजोगी आहे.

या बराकीशी निगडित आणखी एक विषय मला फार महत्त्वाचा वाटतो, आणि तो म्हणजे शिक्षण. १८६६ च्या कायद्याने प्रत्येक कृष्णवर्णीय पलटणीला स्वतःचा धर्मोपदेशक दिला आणि सैनिकांना लिहायला-वाचायला शिकवण्याची जबाबदारी त्याच्यावर टाकली. गुलामगिरीच्या काळात दक्षिणेतील अनेक राज्यांत गुलामांना अक्षर शिकवणे हा गुन्हा होता. त्यामुळे प्रौढ वयात पाटीवर पहिली अक्षरे गिरवणारे सैनिक येथे होते. फोर्ट डेव्हिसवर पंचविसाव्या पायदळाचे धर्मोपदेशक जॉर्ज मलिन्स यांनी १८७० च्या दशकात चालवलेली शाळा त्या दृष्टीने उल्लेखनीय होती. दिवसभराची कवायत, लाकूडतोड आणि पहारा संपल्यानंतर ही माणसे शिकायला बसत. इथे येणाऱ्या मुलांना काही एक सांगायचे असेल, तर तोफांच्या आधी या शाळेविषयी सांगावे.

समोरच्या रांगेतील ठाणेप्रमुखांचे घर ग्रीअरसन कुटुंबाच्या काळाप्रमाणे सजवलेले आहे. ग्रीअरसन १८८२ ते १८८५ या काळात येथे प्रमुख होते. घर देखणे आहे आणि पर्यटक स्वाभाविकपणे तेथेच अधिक रेंगाळतात. ग्रीअरसन हे त्या काळच्या मानाने न्यायी अधिकारी होते, त्यांच्याविषयी मला आदर आहे; पण एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. अधिकाऱ्यांच्या कुटुंबांनी पत्रे लिहिली, ती जपली गेली, आणि म्हणून त्यांच्या खोलीत कोणती खुर्ची कुठे होती हेदेखील सांगता येते. सैनिकांपैकी बहुतेकांविषयी मात्र आपल्याला हजेरीपटावरून, रुग्णालयाच्या नोंदींवरून आणि लष्करी खटल्यांच्या कागदांवरूनच कळते, म्हणजे मुख्यतः इतरांनी त्यांच्याविषयी लिहिलेल्या मजकुरातून. या स्थळाची ती उणीव नाही, ती इतिहासाच्या साधनांचीच मर्यादा आहे. मात्र तिचा परिणाम असा होतो की सजवलेले घर मनात अधिक ठसते आणि बराक पुसट होते. म्हणून माझी सूचना अशी की बराक आधी पाहावी, घर नंतर पाहावे.

ठाण्याच्या कुंपणाबाहेरचे जग कसे होते, हे समजून घेतल्याशिवाय ही भेट पूर्ण होत नाही. टेक्सासमधील गोऱ्या वस्तीला यादवी युद्ध हरल्याचा सल होता, आणि निळ्या गणवेशातला सशस्त्र कृष्णवर्णीय माणूस तिला मुळीच सहन होत नव्हता. ज्या वस्त्यांचे रक्षण करण्यासाठी हे घोडेस्वार नेमले गेले होते, त्याच वस्त्यांतून त्यांना सर्वाधिक धोका असे. १८८१ च्या सुरुवातीला टेक्सासमधीलच फोर्ट काँचो या ठाण्यालगतच्या सॅन अँजेलो गावात, एका दारूच्या गुत्त्यात, दहाव्या घोडदळातील विल्यम वॉटकिन्स या निःशस्त्र सैनिकाला टॉम मॅकार्थी या मेंढ्या पाळणाऱ्या गोऱ्या जमीनमालकाने गोळी घालून ठार केले. संतापलेल्या सैनिकांनी छापील पत्रक काढून आपल्याला न्याय हवा असल्याचे जाहीर केले आणि गावात गोळीबारही झाला. मॅकार्थीवर ऑस्टिन येथे खटला चालला आणि पंचांनी त्याला निर्दोष ठरवले. पुढच्याच वर्षी दहाव्या पलटणीचे मुख्यालय फोर्ट काँचोहून फोर्ट डेव्हिसला हलले. म्हणजे त्या बराकीत झोपणाऱ्यांना सॅन अँजेलोची आठवण ताजी होती.

इथे आणखी एक कठीण प्रश्न आहे, आणि तो टाळून या सैनिकांचा गौरव करणे मला प्रामाणिकपणाचे वाटत नाही. हे घोडेस्वार ज्यांच्याविरुद्ध लढले, ते अपाचे आणि कोमांची हे मूळनिवासी लोक स्वतःच्या भूमीवरून हाकलले जात होते. १८८० च्या उन्हाळ्यात अपाचे नेता व्हिक्टोरिओ मेक्सिकोतून टेक्सासमध्ये आला, तेव्हा ग्रीअरसन यांच्या दहाव्या घोडदळाने त्याचा पाठलाग करत बसण्याऐवजी पाणवठे रोखून धरले. ३० जुलैला तिनाहा दे लास पाल्मास आणि ६ ऑगस्टला रॅटलस्नेक स्प्रिंग्ज येथे चकमकी झाल्या, पाण्याअभावी व्हिक्टोरिओला मागे फिरावे लागले, आणि ऑक्टोबरमध्ये मेक्सिकन सैन्याने त्रेस कास्तीयोस येथे त्याला गाठले. तेथे तो मारला गेला. लष्करी दृष्टीने ही मोहीम कुशल होती. पण ज्यांना स्वतःला नुकतेच माणूस म्हणून मान्य केले गेले होते, त्यांच्याच हातून दुसऱ्या एका समाजाचे पाणी तोडले गेले, हे सत्यही याच मोहिमेत आहे. अशा स्थळांवर अपाचे लोकांची बाजू जितकी ठळक करता येईल तितकी करायला हवी, आणि पाहणाऱ्यानेही ती बरोबर घेऊनच आत जावे.

फोर्ट डेव्हिसला येण्याचे माझ्या दृष्टीने सर्वांत मोठे कारण मात्र लेफ्टनंट हेन्री ऑसियन फ्लिपर हे आहे. जॉर्जिया राज्यातील थॉमसव्हिल येथे १८५६ मध्ये गुलामगिरीत जन्मलेले फ्लिपर हे वेस्ट पॉइंट लष्करी अकादमीतून १८७७ मध्ये पदवी मिळवणारे पहिले कृष्णवर्णीय अधिकारी. अकादमीतील सहाध्यायांनी त्यांना वर्षानुवर्षे वाळीत टाकल्यासारखे वागवले, तरीही ते टिकले. दहाव्या घोडदळात नेमणूक झाल्यावर त्यांनी आजच्या ओक्लाहोमातील फोर्ट सिल या ठाण्यावर हिवतापाला कारण ठरणाऱ्या साचलेल्या पाण्याचा निचरा करणारा चर आखला. तो आजही त्यांच्या नावाने ओळखला जातो आणि राष्ट्रीय ऐतिहासिक वारसा म्हणून जपला गेला आहे. व्हिक्टोरिओविरुद्धच्या मोहिमेत त्यांनी भाग घेतला आणि १८८० च्या अखेरीस ते फोर्ट डेव्हिसला आले. येथे त्यांच्याकडे शिधाभांडाराचा कारभार होता.

मार्च १८८१ मध्ये कर्नल विल्यम शाफ्टर ठाणेप्रमुख म्हणून आले. त्यानंतर काही महिन्यांनी आपल्या ताब्यातील रकमेत तूट असल्याचे फ्लिपर यांच्या ध्यानात आले. त्यांनी ती वरिष्ठांना कळवली नाही. उलट ती झाकण्यासाठी चुकीची विधाने केली आणि खात्यात पैसे नसताना धनादेश लिहिला. ही त्यांची चूक होती आणि ती लपवण्यात अर्थ नाही. परंतु त्यानंतर जे झाले ते प्रमाणाबाहेर होते. अधिकाऱ्याला त्याच्या निवासात नजरकैदेत ठेवण्याची प्रथा असताना फ्लिपर यांना गार्डहाउसच्या, म्हणजे ठाण्यातील पहारेकऱ्यांच्या आणि कैद्यांच्या इमारतीच्या, अरुंद कोठडीत टाकण्यात आले. ३,७९१ डॉलर ७७ सेंट इतकी तूट मित्रांनी आणि गावातील लोकांनी थोड्याच दिवसांत भरून काढली, तरीही खटला उभा राहिला. ज्या गावांतून सैनिकांना एरवी द्वेषच मिळे, त्याच मुलखातील काही लोकांनी या तरुण अधिकाऱ्यासाठी खिशात हात घातला, ही या प्रकरणातील सर्वांत सुखद बाब आहे.

खटला सप्टेंबर ते डिसेंबर १८८१ या काळात ठाण्याच्या प्रार्थनामंदिरात चालला. कॅप्टन मेरिट बार्बर यांनी फ्लिपर यांचा बचाव केला. न्यायालयाने अपहाराच्या आरोपातून त्यांना मुक्त केले, पण अधिकाऱ्याला न शोभणाऱ्या वर्तनाबद्दल दोषी ठरवून सैन्यातून काढून टाकण्याची शिक्षा दिली. लष्कराच्या सर्वोच्च विधी अधिकाऱ्यांनी सौम्य शिक्षेची शिफारस केली होती. तरी राष्ट्राध्यक्ष चेस्टर आर्थर यांनी बडतर्फी कायम केली आणि ३० जून १८८२ रोजी फ्लिपर सैन्यातून बाहेर पडले. त्यानंतर त्यांनी स्थापत्य अभियंता म्हणून नैऋत्य अमेरिकेत आणि मेक्सिकोत मानाची कारकीर्द केली, आणि आपले नाव निष्कलंक व्हावे म्हणून काँग्रेसकडे वारंवार दाद मागितली. १९४० मध्ये त्यांचे निधन झाले तेव्हा ती मिळालेली नव्हती. लष्कराने १९७६ मध्ये त्यांची नोंद बदलून सन्माननीय सेवामुक्ती दिली आणि १९ फेब्रुवारी १९९९ रोजी राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन यांनी त्यांना माफी जाहीर केली.

प्रार्थनामंदिर आज उभे नाही; त्याची जागा तेवढी पाहता येते. त्या जागेवर उभे राहिल्यावर मैदानाच्या दोन्ही बाजू दिसतात, आणि फ्लिपर यांची अडचण नेमकी समजते. हुद्द्याने ते अधिकाऱ्यांच्या रांगेतले होते, वर्णामुळे त्या रांगेला परके होते. बराकीतल्या सैनिकांशी त्यांचे रक्ताचे नाते होते, पण शिस्तीने त्यांच्यापासूनही वेगळे राहणे भाग होते. पैशाची तूट वरिष्ठाला सांगण्याची भीती का वाटली, याचे उत्तर मला खटल्याच्या कागदांपेक्षा या जागेने अधिक चांगले दिले. त्यांच्यानंतर एकोणिसाव्या शतकात वेस्ट पॉइंटमधून आणखी दोनच कृष्णवर्णीय अधिकारी बाहेर पडले, १८८७ मध्ये जॉन अलेक्झांडर आणि १८८९ मध्ये चार्ल्स यंग.

भेटीच्या व्यवस्थेविषयी थोडक्यात सांगतो. ठाणे समुद्रसपाटीपासून सुमारे ४,९०० फूट उंचीवर असल्यामुळे आसपासच्या वाळवंटी प्रदेशापेक्षा हवा सुसह्य असते, तरीही मैदानावर सावली कमी आहे. पाणी आणि टोपी जवळ असावी. एल पासोहून सुमारे २०० मैलांचा रस्ता आहे, तर मार्फा आणि अल्पाइन ही गावे पंचवीस मैलांच्या आसपास आहेत. १८७५ मधील सायंकालीन संचलनाचे ध्वनिमुद्रण, म्हणजे बिगुल, वाद्यवृंद आणि हुकूम, मोकळ्या मैदानावर ऐकवले जाते. त्याची वेळ स्वागतकक्षात विचारून घ्यावी. घाईची चक्कर तासाभरात होते, पण तेवढ्यासाठी इतक्या दूर येऊ नये. अर्धा दिवस हाताशी ठेवावा. ज्यांना चालणे जमते त्यांनी कड्यावर जाणारी पायवाट चढावी, कारण वरून ठाण्याचा सगळा आराखडा उलगडतो. हीच पायवाट पुढे डेव्हिस माउंटन्स स्टेट पार्कला जाऊन मिळते.

पाहण्याचा क्रम मी असा सुचवेन : प्रथम संग्रहालय, मग एच तुकडीची बराक, तेथून मैदान ओलांडून ठाणेप्रमुखांचे घर, त्यानंतर रुग्णालय, आणि शेवटी प्रार्थनामंदिराची जागा. फ्लिपर यांच्या खटल्याविषयी आधीच वाचून येणे हितावह आहे, कारण तेथे पाहण्यासारखे थोडे आणि जाणून घेण्यासारखे पुष्कळ आहे. सवड असणाऱ्यांनी याच प्रवासात सॅन अँजेलो येथील फोर्ट काँचोही पाहावे. दहाव्या घोडदळाची फोर्ट डेव्हिसपूर्वीची वर्षे तेथे गेली, आणि वॉटकिन्स प्रकरण घडले ते गाव त्या ठाण्याला लागूनच आहे.